तिरक्या रानाची मोजणी

(सन १९४६. कराडजवळचं एक गाव. शाळा नुकतीच सुटली आहे. पडवीत मोहिद्दीन मास्तर, सयाजी हवालदार आणि त्याची सातवीतली मुलगी अंजना.)

सयाजी : तुमी फकस्त एवढंच म्हना मास्तर, की पोरगी चुकलीया. दुसरं काय नको मला.

मास्तर : बसा हवालदार. आधी पाणी घ्या.

सयाजी : पानीबिनी ऱ्हाऊ द्या. ही पोर घरात सगळ्यांम्होरं म्हनती, आबा, कोंडीबाकाकाची जमीन आपल्याकडं हाय. बापाला चोर म्हनती! ह्येच्यासाठी घातली व्हय शाळंत?

अंजना : मी चोर न्हाई म्हनले, आबा. मोजनी चुकली म्हनले.

सयाजी : तू गप! मी लढाईवरनं पेन्शनीत आलो तवा आमा दोघा भावांची वाटनी झाली. दोरी कुनी धरली? ह्या मास्तरांनी. मला चाळीस गुंठं, कोंडीबाला चाळीस गुंठं. फुडच्या साली कोंडीबा म्हनाया लागला, दादा, रान तेवढंच आन तुजा गूळ जास्त, माजा कमी, कायतरी चुकलंय. मी भर चावडीत म्हनलो, चुकलं न्हाई, तू आळशी हायेस. तवापास्नं दोन वरसं बोलनं न्हाई आमचं.

मास्तर : तेव्हा मीही तिथंच होतो. मोजणी चुकत नाही, मशागत चुकते, असं वर शहाणपणानं बोललो होतो.

सयाजी : मग? आता ही टीचभर पोर तुमास्नी शिकवनार?

मास्तर : अंजना, कसं कळलं ते सांग आबांना. काल मला सांगितलंस तसं.

अंजना : आबा, आपलं बाजलं ढिलं झालंय न्हवं? परवा आईनं ढकललं तर पार तिरकं झालं. मग त्यावर वाकळ टाकली, तर ती मावंना. चारी बाजू त्याच, पर आतली जागा कमी झाली. काकाचं वड्याकडचं रान तसंच तिरकं हाय. गुरुजींनी समोरासमोरच्या बाजू मिळवल्या, निम्म्या केल्या, गुनल्या. तसं केलं तर सरळ बाजलं आन तिरकं बाजलं एकच येतंय.

सयाजी : घ्या! बाजल्यावरनं शेती मोजाय लागली. मास्तर, हसा की वाईच.

मास्तर : हसू कसा? आज सकाळी साखळी घेऊन रानात गेलो. कोपऱ्यातून समोरच्या कोपऱ्यात दोरी ताणली, त्रिकोण पाडून मोजलं. ते रान चाळीस गुंठे नाही, हवालदार. पस्तीस आहे.

सयाजी : पस्तीस?

मास्तर : तुमचं विहिरीजवळचं सरळ आहे, ते चाळीस खरे. अडीच गुंठे तुमच्याकडून त्याच्याकडे गेले, की दोघांचं सारखं होतं.

सयाजी : आवं पर तवा दोन्ही मिळून ऐंशी भरलं हुतं!

मास्तर : आणि सरकारी उताऱ्यावर किती होते?

सयाजी : पंच्याहत्तर.

मास्तर : पाच गुंठे जास्त निघाले म्हणून तुम्ही पेढे वाटलेत. मी दोन खाल्ले. जमीन काय तव्यावरची भाकरी आहे, फुगायला? तिथंच कळायला हवं होतं मला.

सयाजी : म्हंजी तुमास्नीच येत न्हवतं?

मास्तर : नव्हतं येत. माझ्या गुरुजींनी मला असंच शिकवलं, मी अकरा वर्षं पोरांना तसंच शिकवलं. आज वर्गात सांगितलं, माझं चुकलं, अंजनानं चूक काढली, सगळ्यांनी वहीत काट मारा.

सयाजी : पोरांम्होरं सांगितलं? आवं, उंद्या कोन ऐकंल तुमचं?

अंजना : आज लय ऐकत हुती सगळी. पाटलाचा मानसिंगसुदिक गप हुता.

मास्तर : मी रोज पोरांना सांगतो, उत्तर कुणाचंही असू दे, ताळा पाहिल्याशिवाय खरं मानू नका. या पोरीनं माझ्या उत्तराचा ताळा पाहिला. आता मी खाली मान घालून बसलो, तर मी शिकवलं काय?

सयाजी : गावात नऊ रानं मोजल्याती तुमी.

मास्तर : त्यातली चार तिरकी आहेत. दर रविवारी एक पुन्हा मोजणार. उद्या चावडीवर जाऊन सांगतो.

सयाजी : शिव्या खाशीला. दादासो पैलवान तर दांडकं घिऊन यील.

मास्तर : येऊ दे की. साखळीचं दुसरं टोक धरायला दांडगा माणूस हवाच आहे.

सयाजी : मास्तर, आफ्रिकेच्या वाळवंटात आमच्या सायबाचा रस्ता चुकला. दोन दिवस आमास्नी पान्याबिगर फिरवलं. त्येला कळलं हुतं, पर चुकलं म्हनून तोंडातनं निघालं न्हाई. मी त्येला सलाम ठोकायचो, हुकूमच हुता तसा. तुमाला ठोकावा वाटतोय, हुकूम नसताना.

मास्तर : सलाम असू द्या. तिचं दप्तर तुमच्या काखेत कशाला आहे?

सयाजी : तुमाला कळलं व्हय? शाळंतनं नाव काढाया आलतो. सातवीच्या फायनल परीक्षेला दोन म्हैनं ऱ्हायल्यात, ती बी द्यायची न्हाई म्हनलं.

अंजना : आबा...

सयाजी : न्हाई काढत गं. अडीच गुंठंबी दिऊ. पर कोंडीबाला आता कुठल्या तोंडानं भेटू? मास्तर, सकाळी त्येला कळलं का?

मास्तर : साखळीचं दुसरं टोक त्यानंच धरलं होतं.

सयाजी : मग लय बोलला आसंल मला.

मास्तर : नाही. किती जमीन मिळणार, हेही विचारलं नाही त्यानं.

अंजना : मी बी हुते आबा तिथं. काका बांधावर बसला नुसता.

मास्तर : मग एवढंच म्हणाला, "मास्तर, म्हंजी मी आळशी न्हवतो न्हवं? तेवढं दादाला सांगा."

अंजना : आबा?

मास्तर : राहू दे अंजना. बसू दे त्यांना जरा.

सयाजी : न्हाई मास्तर, बसत न्हाई. अंजे, ऊठ. काकाकडं जायचंय.

अंजना : गुरुजींची साखळी घिऊ?

सयाजी : नको गं. जमीन उंद्या मोजू. आज नुसतं जाऊन यिऊ.