पाठमोरा इनास

शपथेवर सांगतो, हे माझ्या डोळ्यांदेखत घडलं. म्हणजे मी तेव्हा वसईतच होतो, पण ते सोडा.

नव्वदीतली गोष्ट. आमच्या कोळीवाड्यातल्या इनासची भारतीय नौकानयन संघासाठी निवडीची शर्यत होती, दूर परगावच्या तलावावर. या शर्यतीत होडी जाते तिकडे पाठ करून वल्हवतात. काठावरून त्याचे वडील, पेद्रूकाका, ओरडले, “आरं, पाठ करून कुठं चाललास? म्होरं बघ!”

मान वळवली असती तर निवड हुकली असती. इनास तसाच ओरडला, “बाबा, सगळे मला दिसतायत, म्हंजे मीच म्होरं!”

पहिला आला. पुढे देशोदेशी वल्हवून आला.

पेद्रूकाका तिथं होते, हे मात्र मी घुसडलंय. ते मासेमारीला गेलेले. पोराची एकही शर्यत त्यांनी पाहिली नाही. तरी इनास गावी आला की चहा ओतत मला म्हणतो, “बाबा ओरडले ते सांग ना.”