माईक चालू आहे

आणि वर म्हणायचं काय, तर ‘काका, मी इथे नाहीच असं समजा.’ आता तुम्हीच सांगा, एवढी उंच बाई, खांद्यावर कॅमेरा, गळ्यात हेडफोन, दारात उभी, आत जायचं तर तिच्या काखेखालून, आणि नाही असं समजायचं कसं? तरी वर्षभर समजलो. आमची इमारत पाडणार, आम्ही नव्या घरांत जाणार, त्यावर तिचा माहितीपट. आमच्या हिच्याबरोबर डाळ निवडते, शेजारणीचं बाळ झोपवते, आणि... मी इथे नाहीच असं समजा.

त्यात तो कॉलरचा माईक. तुम्हाला सांगतो, मी शिंपी माणूस, कॉलरला चिमटा लावलेला मला बघवत नाही. म्हणून आतल्या पट्टीला बारीक लूप शिवून त्यात माईक बसवला. इतका झकास बसला, की विसरलोच.

त्या दिवशी बाई बॅटरी आणायला खाली गेली आणि जाताना माईकचा आवाज पकडणाऱ्या डबीसकट हेडफोन अडकवला कुणाच्या डोक्यावर? जिन्यात बसलेल्या माझ्या धाकट्या भावाच्या. समोरच राहतो. आईच्या दुखण्यात कोण जास्त जागलं यावरून आमचं वाजलं, आई गेली आणि आमचं बोलणंच बंद झालं.

इकडे मी आत हिला सांगतोय, ‘आम्हा भावांना एक घर तळमजल्यावर मिळतंय, एक पार वर. खालचं त्याला देऊ, त्याचा गुडघा गेलाय.’ ही म्हणते, ‘आणि तुमचा?’ म्हटलं, ‘जाईल तेव्हा बघू. आणि आईपाशी तोच जास्त जागला. पण त्याला सांगू नकोस, डोक्यावर बसेल.’

दार ढकललं. धाकटा. डोळे भरलेले, हेडफोन डोक्यावर, वायरीला डबी लोंबतेय. इतक्या वर्षांनी पहिलं वाक्य काय बोलावं? ‘दादा, तुझा माईक चालू आहे.’

मग तो रडला, ही रडली, मी नाक शिंकरलं तेही त्याच्या कानात घुमलं... आणि बाई आली बॅटरी घेऊन. ऐकून मटकन खाली बसली. वर्षभर नाही नाही म्हणत होती, ती नेमकी तेव्हा खरंच नव्हती. ‘काका, परत एकदा कराल? मी इथे नाहीच असं समजा.’

केलं. पहिल्यांदा धाकट्याला हसू फुटलं. दुसऱ्यांदा म्हणतो, ‘मघाशी जास्त मनापासून म्हणाला होतास.’ म्हटलं, मनाचं माप घेतोस काय? तो म्हणे, मापं तू घेतोस. तिथून जे सुरू झालं, ते आईच्या औषधाची बाटली कुणी फोडली इथपर्यंत... कॅमेऱ्याचा लाल दिवा चालू.

परवा अंगणात चादर बांधून सिनेमा दाखवला. भांडण सगळं आहे, समेट नाही. म्हटलं, बाई, हे काय? तर म्हणे, ‘काका, तेवढंच खरं वाटत होतं.’

धाकटा माझ्या शेजारीच बसलेला, तळमजल्याची किल्ली खिशात. आणि जाणारा-येणारा थांबून आम्हालाच समजावतोय, ‘अहो, सख्खे भाऊ तुम्ही, बोलत जा की एकमेकांशी.’

काय सांगणार... दोघंही म्हणालो, प्रयत्न करतो.