चार, पाच

मी, टेलिफोन कचेरीतून निवृत्त झालेली ऑपरेटर, वय चौसष्ट, तेथील कर्मचारी संघटनेची माजी सरचिटणीस, सर्व लोक मला माई म्हणून ओळखतात, राहणार धाकट्या बहिणीच्या घरापासून दोन गल्ल्या पलीकडे, आज सकाळी पोलीस ठाण्यात स्वतःहून हजर राहून पुरवणी जबाब देते की,

मी अविवाहित असून एकटी राहते. मला एकच सख्खी बहीण आहे. तिचे वय अठ्ठावन्न, गृहिणी. तिचे यजमान, म्हणजे माझे मेहुणे, बांधकाम खात्यातून वरिष्ठ अभियंता म्हणून निवृत्त झाले आहेत. काल समुद्रातील खडकावरून जे गृहस्थ बेपत्ता झाले ते हेच. या प्रकरणी आमच्या सहलीची गाईड हिला काल निष्काळजीपणाबद्दल ताब्यात घेतले असून ती शेजारच्या खोलीत बसलेली आहे. काल मी दिलेला जबाब चार ओळींचा होता. त्यात खोटे काही नाही. परंतु तो पुरा नाही, म्हणून आज आले आहे.

सहल आठ माणसांची होती. तीन शहरे, एक धबधबा, एक गुहा, गरम पाण्याची कुंडे आणि शेवटी हा खडक, असा कार्यक्रम होता. पत्रकात 'मोजकी माणसे, घरचे वातावरण' असे छापले होते. घरचे वातावरण होते, हे खरे आहे.

पहिल्या शहरात गाईड गाडी सुटण्यापूर्वी मधल्या वाटेतून मागेपर्यंत येत असे आणि प्रत्येकाच्या खांद्याला हात लावून माणसे मोजत असे. मेहुण्यांना ते आवडले नाही. ते सर्वांसमोर म्हणाले, "आम्ही काय शेळ्यामेंढ्या आहोत का, हात लावून मोजायला? आठ तोंडं लक्षात राहत नाहीत तर दुसरं काम बघा." गाईड वरमली. तिने माफी मागितली व त्याऐवजी प्रत्येकाला एक आकडा दिला. गाडी सुटताना ती पुढूनच "आकडे!" म्हणे आणि प्रत्येकाने आपापला आकडा मोठ्याने सांगायचा. सहलीतील लोकांना हा खेळ आवडला. सहा नंबरचे कंत्राटदार दर वेळी "सहा, अधिक पोट!" असे ओरडत. गाईड म्हणे, "पोटाचं तिकीट वेगळं पडेल, काका."

माझा आकडा तीन, बहिणीचा चार, मेहुण्यांचा पाच. मेहुण्यांनी ओरडण्यास नकार दिला. "माझा ही सांगेल," असे म्हणाले. ही म्हणजे बहीण. त्या दिवसापासून दोन्ही आकडे तीच सांगे. पुढे पुढे ते एका श्वासात येऊ लागले, "चार-पाच." कंत्राटदार म्हणाले, "वहिनींचा संसार जोडाक्षरासारखा आहे, वरचं अक्षर अर्धं." सगळे हसले. मीही हसले.

मेहुण्यांचा उजवा गुडघा अधू आहे. त्यामुळे शेवटचे लांब बाकडे त्यांना दिले होते. फिरून आले की ते त्यावर पाय पसरून आडवे होत. पुढील सीटांच्या पाठी उंच असल्याने आडवा झालेला माणूस गाडीच्या पुढच्या भागातून दिसत नाही. बहीण त्यांच्या अगदी पुढच्या सीटवर बसे. मी तिच्या बरोबरीने, वाटेच्या दुसऱ्या बाजूला.

संपूर्ण सहलीत बहिणीने काय पाहिले, असे जबाब लिहून घेणाऱ्या अंमलदारांनी मला विचारले. पहिल्या शहरातील संग्रहालयात तिला दारातूनच चष्मा आणायला हॉटेलवर परत पाठवले. ती आली तेव्हा आम्ही बाहेर पडत होतो. धबधब्याजवळ ती शेडमध्ये पिशव्या धरून उभी होती. गुहेत ती आत आली, पण चित्रांपाशी थांबली तेव्हा मेहुणे म्हणाले, "तुला काय कळतंय त्यातलं? चल पुढे, खांदा दे." उतरणीवर व पायऱ्यांवर ते तिच्या खांद्यावर भार देऊन चालतात. त्यांच्याकडे काठी आहे. ती त्यांना म्हाताऱ्यांची वाटते, म्हणून घरी ठेवली होती.

गरम पाण्याच्या कुंडांवर बायकांसाठी वेगळी जागा होती. बहिणीने चपला काढल्या होत्या. मेहुण्यांनी बाहेरून हाक मारली. मी बाहेर जाऊन म्हटले, "भाऊजी, तिलाही पाय आहेत. घटकाभर पाण्यात राहू द्या." ते हसून म्हणाले, "ताई, इथे माइक नाही. उगाच घसा कोरडा करू नका." बहिणीने चपला घातल्या. मला म्हणाली, "जाऊ दे गं. नंतर मलाच ऐकावं लागतं."

अंमलदारांनी मला मुद्द्यावर येण्यास सांगितले. मी सांगितले की हाच मुद्दा आहे. एकतीस वर्षे एक बाई अर्ध्या वाटेवरून माघारी पाठवली जाते, आणि त्याला कोणत्याही ठाण्यात तक्रार म्हणत नाहीत, हेही लिहून घ्या. ते म्हणाले, असे जबाबात येत नाही. मी म्हणाले, यावे. त्यांनी लिहून घेतले आहे.

काल न्याहारीनंतर आम्ही खडकावर गेलो. ओहोटीला तेथे जाण्यासाठी दगडी वाट उघडी पडते. गाडी अलीकडे, पक्क्या रस्त्यावर उभी असते. वाटेच्या तोंडाशी गाईडने आम्हाला जवळ बोलावून घेतले व बजावले की पहिला भोंगा वाजला की परत फिरायचे, कारण दुसऱ्या भोंग्यानंतर वाट पाण्याखाली जाते आणि खडकाचा पलीकडचा उतारही राहत नाही. कंत्राटदार म्हणाले, "म्हणजे पोहता येणाऱ्यांना घाई नाही." गाईड हसली नाही. तिने तेच पुन्हा एकदा सांगितले.

मी अर्ध्या वाटेवरून परतले, कारण वारा फार होता. मेहुणे बहिणीचा खांदा धरून पलीकडच्या उतारावर गेले. त्या बाजूला आमच्यापैकी दुसरे कोणी गेले नाही, असे बाकीच्यांनीही सांगितले आहे. पहिला भोंगा वाजला तेव्हा मी गाडीत होते. बाकीचे एकेक करून आले. बहीण शेवटी आली, एकटी, भरभर. मी विचारले, "भाऊजी?" ती म्हणाली, "टोपी मागतायत." ती मागच्या बाकड्याकडे गेली.

नेमक्या त्याच वेळी ड्रायव्हरने माझ्या बाजूच्या खिडकीवर टकटक करून काच वर घ्यायला सांगितले. काच अडकलेली होती. मी तिच्याशी झटत होते. मागे वळले तेव्हा बहीण आपल्या सीटवर बसलेली होती. मला वाटले, दरम्यान मेहुणे आले व आडवे झाले. गाडीला मागूनही दार आहे आणि ते पूर्वी दोनदा तिकडून चढले होते.

गाईड पुढून म्हणाली, "आकडे!" एक, दोन झाले. मी तीन म्हटले. मग बहीण बोलली नाही. एवढ्या दिवसांत असे झाले नव्हते. मी तिच्याकडे पाहिले. ती अर्धी उठली, मागे वळली आणि बाकड्याकडे नीट पाहिले. मग खाली बसली व म्हणाली, "चार." थोडे थांबून म्हणाली, "पाच." तिने दोन आकडे वेगळे म्हटले हे माझ्या लक्षात आले. त्याचा अर्थ मला त्या वेळी लागला नाही. कंत्राटदार आपले ओरडले आणि गाडी सुटली.

मुख्य रस्त्याला लागल्यावर दुसरा भोंगा ऐकू आला. बहिणीने आपल्या बाजूची काच लावून घेतली. टोपी तिच्या मांडीवर होती.

पुढे जेवणाच्या थांब्यापर्यंत तासाभराचा रस्ता आहे. त्या तासात बहीण बाहेर पाहत होती. मला तिने कारखान्याची चिमणी, एक तुटका पूल व शेतातला बगळा दाखवला. जेवणाच्या टेबलावर ती आणि मी दोघीच होतो. तिने दोन वेळा भात वाढून घेतला. वाढप्याची मान लांब होती, त्यावरून ती मला म्हणाली, "ताई, हा वाकून वाढत नाही गं, वरूनच सोडतो." आणि हसली. डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसली. लहानपणी ती अशी हसायची.

मी म्हटले, "भाऊजींना उठवू का? जेवण गार होतंय."

ती म्हणाली, "नको. जरा बसू दे मला."

मी तरी चहा घेऊन गाडीत गेले. बाकड्यावर कोणी नव्हते. मी हाक मारली. गाईड धावत आली, तिने बाकडे पाहिले, आणि मी काही विचारण्यापूर्वीच तिने तटरक्षक दलाला फोन लावला होता. हे नोंदवावे. तिने कंपनीला नंतर कळवले, आधी माणसाला शोधायला सांगितले. बोट गेली तेव्हा खडकाचा फक्त माथा वर होता. त्यावर मेहुणे नव्हते. त्यांच्या कॅमेऱ्याची पिशवी वरच्या कपारीत मिळाली. ती मी काल ओळखली आहे. शोध चालू आहे.

कंपनीच्या व्यवस्थापकाने काल फोनवरून कळवले की माणसे प्रत्यक्ष पाहून मोजावीत असा त्यांचा नियम आहे व गाईडने तो मोडला. नियम असेल. तो मोडायला कोणी लावला, हे मी वर सांगितले आहे. गाईडने मागेपर्यंत येऊन पाहायला हवे होते, हेही खरे. तेवढी चूक तिची आहे. तेवढीच आहे. तिने आकडे मागितले आणि तिला आठच्या आठ मिळाले. काल तिला येथे आणताना ती मला म्हणाली, "माई, मी तर विचारलं होतं ना? तुम्ही ऐकलंत ना?" मी हो म्हटले. माझ्या जबाबात ते नव्हते.

मी जन्मभर व्यासपीठावरून एकच गोष्ट सांगत आले. वरचा माणूस चुकतो आणि खालच्या माणसाची नोकरी जाते, आणि हे ज्याला माहीत आहे तो गप्प बसला तर तोही वरच्याच्याच बाजूचा. माझ्या शब्दावर बायकांनी संप केले आहेत, पगार सोडले आहेत. अंमलदारांनी मला पाणी दिले.

काल दुपारी ठाण्याच्या मागील नळावर बहीण तोंड धूत होती. मी तिला विचारले, "चिमे, तू मागे वळून बघितलंस ना?"

ती म्हणाली, "टोपी घ्यायलाच तर आले होते, ताई. परत जायची, खांदा द्यायची, उतरवून आणायचं. जरा टेकले, निघणारच होते. मग तिने आकडे मागितले." नंतर म्हणाली, "मला वाटलं, एकदा बसू देत वाट बघत."

मी विचारले, "आणि पाणी?"

तिने नळ बंद केला. म्हणाली, "तू काय सांगणार आहेस त्यांना?" रात्री ती माझ्या खोलीत झोपली. आज मी येथे निघाले तेव्हा तिने विचारले नाही कुठे. चप्पल घालून माझ्याबरोबर आली. ती बाहेर बाकावर बसली आहे.

विचारल्यावरून सांगते की, बहिणीचे व मेहुण्यांचे काल सकाळी भांडण झालेले नव्हते. तिने त्यांना कधी उलट उत्तर दिल्याचे मी पाहिलेले नाही. तिला कोणी काही शिकवलेले नाही. मी सभांमध्ये हजारदा बोलले ते सर्व तिला सांगून पाहिले होते, त्यातले तिने काही घेतले नव्हते.

विचारल्यावरून सांगते की, मागे वळून पाहिल्यावर बाकडे रिकामे आहे हे तिला दिसले असलेच पाहिजे. त्यावरची टोपी तिनेच नुकती उचलली होती.

भरतीबाबतचा इशारा बहिणीने ऐकला होता काय, असे मला विचारण्यात आले. अंमलदार म्हणाले की या प्रश्नावर बरेच काही अवलंबून आहे, मी विचार करून सांगावे, वेळ घ्यावा, वारा फार होता असे मी आधी म्हटलेच आहे. त्यांचा हेतू चांगला होता, हे मला समजते. मी वेळ घेतला.

वारा खडकावर होता. वाटेच्या तोंडाशी आम्ही कठड्याच्या आडोशाला उभ्या होतो. गाईड दोन्ही वेळा स्पष्ट बोलली. बहीण माझ्या शेजारी होती, तिचा हात माझ्या हातात होता. दुसऱ्यांदा सांगितले तेव्हा तिने मान हलवली.

याहून अधिक मला माहीत नाही. गाईडला सोडावे. बहिणीला जे विचारायचे ते बसवून, सावकाश, तिचे बोलणे न तोडता विचारावे, ही माझी विनंती आहे. तिला पुरे बोलू दिलेले नाही कोणी.

हा जबाब मी कोणाच्या दबावाखाली दिलेला नाही. तो मला येथे मोठ्याने वाचून दाखवण्यात आला. वाचण्यापूर्वी अंमलदारांनी दार लावून घेऊ का, असे विचारले. बाहेरच्या बाकावर सगळे ऐकू जाते, असे ते म्हणाले. मी दार उघडे ठेवायला सांगितले. शेवटपर्यंत वाचून झाले. मी सांगितले तसेच लिहिले आहे. बाकावरून कोणी उठल्याचा आवाज आला नाही. सही करीत आहे.