दोन पोर्टचा चार्जर

पिपलानीतल्या मोबाइलच्या दुकानात मंजूषा आपला नंबर यायची वाट बघत होती. पुढे एक काका-काकू चार्जर निवडत होते.

"पासष्ट वॅटचा घेऊ. माझा लॅपटॉप आणि तुझा फोन, दोन्ही चालतील."

"माझा फोन जळेल ना हो?"

"नाही गं. फोन त्याला लागेल तेवढंच घेतो."

"मग दोन घ्या. एक तुमच्या खोलीत, एक माझ्या स्वयंपाकघरात."

"एकच घेऊ, दोन पोर्टचा."

"म्हणजे मी रोज तुमच्या टेबलापाशी येऊन बसायचं?"

"हो."

मंजूषाने हातातल्या फोनमध्ये डोकं घातलं, पण कान तिकडेच होते. काकू दुकानदाराकडे वळल्या.

"भैया, इसके साथ केबल छोटीवाली देना."