आकाशातल्या दुष्टाचा झगा

नंदुरबारच्या डोळ्यांच्या दवाखान्यात हेमकांत गुरुजी नंबर लावून बसले होते आणि कान, अर्थातच, शेजारच्या बाकाकडे होते. तिथे दोधू शिंपी एका डोळ्याला पट्टी बांधून बसलेले. ऑपरेशनची ती पट्टी आज सुटायची होती; दुसऱ्या डोळ्याने तर त्यांना केव्हाचंच दिसेनासं झालेलं. बायको जमनाबाई नातीच्या मोबाइलवरचं जपानी कार्टून बघत त्यांना अहिराणीतून सांगत होत्या.

"दुष्ट राजा शे. आख्खं आकाश जिकाले निंघेल शे."

"मंग?"

"पडना."

"कसा काय?"

"झगा पायमां अटकना. लोके हसी ऱ्हायनात. एक पोरगीनी त्याले पाणी दिधं."

"दुष्टले?"

"त्याले दुष्ट व्हता येस नही, हाऊच त्याना तरास शे."

"झगानी लांबी चुकनी वो. शिंपीनी त्याले बसाडीसन माप लिधं व्हई."

"मंग तुम्हीच नीट शिवी द्या."

"सुई दिसनी तं."

"दिसी."

"आनि नही दिसनी तं?"

"तं सुई मी ओवसू. हात तं तुम्हनाच शेतस."

सिस्टरने नाव पुकारलं. दोधू बायकोच्या खांद्याला धरून उठले.

"आते ते बंद कर," ते म्हणाले. "पुढलं मी सोता देखसू."