दुसऱ्या उडीचं खरं कारण

सन्माननीय अध्यक्ष महोदय, व्यासपीठावरची मोठी माणसं, आमच्या वहिनी आणि सभागृहातल्या रसिकहो,

मी कॅमेऱ्याचं हँडल फिरवणारा माणूस. मूकपटांच्या धंद्यात मी आणि हा माझा मित्र, दोघंही तोंड मिटून जगलो, त्यामुळे बोलण्याची सवय नाही. पण आज हा आमचा उडीबहाद्दर नट रंग पुसून घरी बसायला निघालाय. आता नाही बोललो तर कधी बोलणार?

अध्यक्षांनी मघाशी त्याच्या गच्चीवरच्या उडीचं कौतुक केलं. ती उडी त्यानं दोनदा मारली, हे खरं आहे. पहिली अशी झकास होती की सुतारांनी हातोडे टाकून टाळ्या वाजवल्या! मग दुसरी कशाला?

तेव्हा सगळं काम उन्हाच्या भरवशावर चालायचं. सकाळभर आभाळ भरलेलं. जेवणं उरकतायत तोच ऊन पडलं आणि कंपनीचे मालक ओरडले, "फिरव!" मी धावलो, फिरवलं. उडी झाली. पेटी उघडून बघतो तर आत फिल्मच नाही! भरायचीच राहिली होती. मालकांना म्हटलं, "हँडल अडकलं, पुन्हा घ्यावं लागेल."

खाली पसरलेलं गवत पहिल्या उडीनं दबलं होतं. ऊन जाईल म्हणून कुणी ते सारखं केलं नाही. दुसऱ्या उडीत ह्याचा डावा पाय मोडला. पुढे जन्मभर सिंहासनावर बसलेले राजे आणि खाटेवरचे म्हातारेच वाट्याला आले. लोक म्हणायचे, काय भारदस्त बसतो! मला मात्र घास गोड लागायचा नाही.

तर मित्रा, हँडल अडकलं नव्हतं. चूक माझी होती. वहिनी, तुमचीही माफी मागतो.

काय म्हणतोस? जरा मोठ्यानं बोल बाबा, मागं ऐकू जाऊ दे.

ऐकलंत? म्हणतो, "अरे शहाण्या, रिकाम्या पेटीची खडखड वेगळी येते. त्या तालावर बारा वर्षं चाललो, मला कळणार नाही?"

मग दुसरी उडी का मारलीस रे?

"मालक तुझ्या शेजारी उभे होते. आठ दिवसांवर तुझं लग्न आलं होतं. नोकरी गेली असती तुझी."

थांबा, थोडं पाणी घेतो.

इतकी वर्षं उरावर धोंडा घेऊन फिरलो, आणि ह्याला सगळं ठाऊक! अहो, हायसं वाटलं, फार हायसं वाटलं. राग यायला हवा होता ह्याला, आणि हसतोय बघा कसा.

संयोजकांनी मला बोलायला उभं केलं, त्यांचे उपकार मानतो. बोलता बोलता भान सुटलं असेल, अध्यक्षांचा वेळ खाल्ला असेल, तर पदरात घ्या. फक्त एक सांगून बसतो. आमच्या लग्नाला हा कुबड्यांवर आला होता, आणि काही भेट आणायला जमलं नाही म्हणून माझीच माफी मागत होता.