विसाव्याचा दगड

प्रिय सई आणि ईशान,

गेल्या रविवारी फोनवर सई म्हणाली, आजी, मानवी हक्कांचं काम करणाऱ्या त्या मोठ्या जागतिक संस्थेत मला शिकाऊ म्हणून घेतलंय, खूश आहेस ना? मी खूश आहे. पण फोनवर मी लगेच विषय बदलला, ते तुम्हा दोघांच्याही लक्षात आलं. त्याचं कारण शेवंताबाई. त्या संस्थेच्या एक तज्ज्ञ बाई आपल्या शहरात आल्या होत्या, तेव्हा दुभाषी म्हणून मी बसले होते आणि शेवंताबाईंचं गाऱ्हाणं मी इंग्रजीत सांगितलं होतं. पुढं काय झालं, ते सईनं तिथं रुजू होण्याआधी ऐकायला हवं. परवा शेवंताबाई घरी आल्या होत्या. त्या बोलल्या तसं उतरवून घेतलं आहे.

माहेर माझं पिशोरकडचं, मॅडम, डोंगरातलं, आन् दिलं मला इकडं पाचोडच्या अंगाला, जिथं बघावं तिथं मोसंबी. आल्या दिवसापासून मोसंबीच निवडायलेय बघा, मोठी एकीकडं, बारकी एकीकडं, डागाची तिसरीकडं, हाताला सवयच लागली, तुमच्या टोपलीतली बी मघाशी निवडून टाकली की, ती खालची फेकून द्या, सडायलीय, शिकलेल्या बाईच्या घरी अशी मोसंबी बरी दिसत नाय. तर काय सांगत होते. वस्ती आमची गावाच्या खालतीकडं, मसनवटा ओढ्याच्या वळणावर, आन् मधी अण्णांचं रान. अण्णा म्हंजी आमच्या गावचे बागाईतदार. त्या रानातून आमची वाट, माझ्या आजेसासूच्याबी आधीपासूनची, आन् वाटंच्या मधोमध एक दगड, विसाव्याचा. तिरडी तिथं टेकवायची, पुढचे मागं, मागचे पुढं, खांदा बदलायचा आन् निघायचं. आमच्या लोकांनी दीक्षा घेतली तवा सगळं सोडलं, शेंदूर सोडला, नारळ सोडला, पण तिथं थांबायचं ठेवलं. धर्म कोणताबी असू द्या, खांदा तर दुखतोच ना.

मग अण्णांनी त्या रानात मोसंबी लावली आन् तारेचं कुंपण केलं, फाटकाला कुलूप. तिरडी नेताना पाण्याच्या नळ्या फुटतात म्हणले. माझी सासू भादव्यात गेली, ओढा भरलेला, दुसरी वाट नाय, कंबरभर पाण्यातून तिरडी डोक्यावर धरून नेली, मधीच एकाचा पाय सटकला आन् म्हातारी एका अंगानं पाण्यात. काय सांगू तुम्हाला. जिती होती तवा पाण्याला इतकी भ्यायची की धुणं धुवायला सुदीक ओढ्यावर जायची नाय, मलाच धाडायची. तिचं लुगडं भिजलेलं, सरण पेटंना. तवा मी म्हणलं, म्हातारे, तुझी वाट मी मोकळी करते.

तहसीलला अर्ज दिला, कलेक्टरला दिला. साहेब म्हणायचे, बघतो बाई. मग वस्तीतले मास्तर म्हणले, शेवंतामाय, शहरात परदेशातली बाई येणारे, सगळ्या देशांची मिळून जी पंचायत हाये तिची, चला. तिथंच तर तुमची गाठ पडली. मी बोलायचे, तुम्ही तिला इंग्रजीत सांगायचे, आन् सासूचं सांगताना ती तुमच्याकडं नाय, माझ्याकडं बघायलती. तिनं विचारलं, नाव लपवू का? म्हणलं, का, मी काय चोरी केलीय? मग तिनं साफ सांगितलं की आमच्याकडं पोलीस नाय, कोर्ट नाय, कुणाला बेड्या घालता येत नाय. पण मी तुमच्या सरकारला लेखी विचारते, सरकार जबाब देतं, आन् सवाल-जबाब दोन्ही साऱ्या जगापुढं मांडते. मला ते पटलं, मॅडम. चार माणसांत विचारलं तर बेइमान माणूस खाली बघतो, इथं तर आख्खी दुनिया बघणार.

तर तो सवाल कसा फिरला बघा. ती तिकडं गेली, तिनं दिल्लीला विचारलं, दिल्लीनं मुंबईला, मुंबईनं कलेक्टरला, कलेक्टरनं तहसीलदाराला, तहसीलदारानं तलाठ्याला, तलाठ्यानं पोलीस पाटलाला. गावात सरकारचा कान आन् तोंड म्हंजी पोलीस पाटील, आन् आमचा पोलीस पाटील कोण, तर अण्णांचा सख्खा भाऊ. सात समुद्र फिरून सवाल अण्णांच्याच ओसरीवर येऊन बसला की. चहा पिला असंल त्यानं तिथं.

जीप आली, पंचनामा करायचा म्हणले. पंच कोण, तर पोलीस पाटील ज्याला हाक मारील तो. त्यानं हाक मारली रंगनाथला. माझा सख्खा दीर. म्हातारीचा धाकटा. मला वाटलं, बरं झालं, घरचा माणूस हाये. तलाठ्यानं विचारलं, मसनवट्याला रस्ता आहे का? माझ्या देखत, मॅडम, वस्ती उभी होती, रंगनाथ म्हणतो, हाये, ओढ्यावरून हाये, बारा महिने चालू, कुणाची तक्रार नाय. मी म्हणलं, आरं आन् बागंतली वाट? तर म्हणतो, बागंतून कधीच वाट नव्हती. मी म्हणलं, साहेब, बागंत येऊन दगड तर बघा. तलाठी म्हणला, बाई, पंचाचं सांगून झालंय.

सांजच्याला त्याच्या दारात गेले. म्हणला, वहिनी, पोराला चितेगावच्या कंपनीत लावून दिलंय अण्णांनी. मेलेल्या माणसाला काय, कुठूनबी नेलं तरी जातंच. म्हणलं, भाऊजी, मेलेली तुमचीच आई होती. त्याची बायको भाकरी थापायलती, तिनं ती तव्यावर टाकली आन् दुसरा गोळा घेतला. त्या दिवसापासून अण्णांच्या बागंत मला काम बंद, तवापासून पाचोडच्या मोंढ्यात, फळांच्या बाजारात, निवडायला जाते.

आन् मग तुम्ही सरकारचा जबाब वाचून दाखवला. रस्ता उपलब्ध, तक्रारीत तथ्य नाय. ऐकताना मला रंगनाथचाच आवाज यायलता, फक्त कपडे साहेबाचे. तुम्ही परत लिहिलं तिला, व्हय, तुमची चूक नाय. पण तवर तिची मुदत सरली, तिच्या जागी दुसरा कोणी आला, त्यानं कळवलं की उत्तराची नोंद घेतली. नोंद घेतली. ज्यानं वाट अडवली त्यालाच विचारलं वाट अडवली का, तो म्हणला नाय, आन् दुनियेनं नोंद घेतली! त्या बाईनं माझा हात धरला होता, मॅडम. अण्णाकडून मला आस नव्हतीच. तिच्याकडून होती.

गेल्या पावसाळ्यात रंगनाथ गेला. मला वाटलं, आज तरी फाटक उघडतील, त्यांच्यासाठी खोटं बोलला की हा. त्याचं पोरगं किल्ली मागायला गेलं, तर अण्णा गावाला गेलेत म्हणले. ओढ्यातूनच नेला. पाण्यात तिरडी टेकवायची कुठं, त्याच चौघांनी शेवटपर्यंत वाहिला, त्याच्या पोराचा खांदा सोलला. लोक म्हणले, शेवंतामाय, आता तुला हसू येत असंल. नाय आलं. मी बांधावर उभी राहून नुसती रडायलते, आईबी ह्याच पाण्यातून गेली आन् ल्योकबी.

तुमच्या नातीला म्हणावं, जा बाई, सुखानं जा, चांगलं काम हाये. तिथं बसून सवाल लिहायची पाळी आली तर लिही, म्हणावं. फक्त जबाब कुणी दिला ते खालपर्यंत विचार. आन् कुणाचा हात धरलास तर मागं फिरून बघत जा. आता उठते, बस चुकंल माझी. ती सडकी मोसंबी फेका आधी.

सई, त्या तज्ज्ञ बाई वाईट नव्हत्या, नंतरचा माणूसही वाईट नसावा. त्यांच्या हातात प्रश्न विचारणं होतं, ते त्यांनी केलं. प्रश्न आणि उत्तर दोन्ही त्या संस्थेच्या संकेतस्थळावर शेजारी शेजारी आहेत, कुणालाही वाचता येतात. मागच्या आठवड्यात मी शेवंताबाईंच्या गावी जाऊन आले. त्यांनी मला कुंपणापाशी नेलं आणि तारेतून बोट दाखवलं. फाटकाला कुलूप आहे. आत मोसंबीच्या दोन ओळींच्या मधे, गवतात, विसाव्याचा दगड अजून आहे.

तुमची
आजी